शब्दाला गाव विचारणारे नाना

१२ जानेवारी १९८०, दुसरा शनिवार, सकाळी साडेदहा. स्थळ : आमच्या पाटबंधारे कार्यालयाचं सभागृह. हजर : कार्यकारी अभियंता साहेब, अध्यक्ष म्हणून बोलावलेले इंग्रजीचे एक निवृत्त प्राध्यापक, टंकलेखक शेखभाई, शिपाई रामभाऊ, लेखाशाखेतले सात जण, आरेखन शाखेतले चार, कळवणहून पहाटेच्या एसटीने आलेले नानांचे थोरले भाऊ आणि वहिनी, स्वतः नाना आणि मी. एकूण एकोणीस.

ही यादी माझ्या वहीत आहे. त्या दिवशी काय झालं ते मात्र वहीत नाही, म्हणून इथे लिहिते.

नाना म्हणजे निंबाजी सोनवणे, आमचे रेकॉर्ड कीपर. मी १९७१ साली कारकून म्हणून लागले तेव्हा ते त्या खोलीत जुने झालेले होते. तळमजल्यावरची दगडी खोली, भिंत दिसू नये इतके लाकडी घोडे, म्हणजे मांडण्या, आणि त्यांवर लाल कापडात बांधलेले बस्ते. कुठलाही कागद मागा, नाना डोळे मिटून क्षणभर उभे राहायचे, मग शिडी सरकवायचे. खांद्यावर पंचा, चष्म्याची एक काडी दोऱ्याने बांधलेली. बस्ता सोडला की सलग तीन शिंका. तिसरी झाल्याशिवाय ते बोलत नसत आणि आपणही बोलायचं नाही, हे नव्या माणसाला पहिल्याच आठवड्यात कळायचं.

त्या बस्त्यांत इंग्रज अमदानीतले अहवाल होते. कालवे, पूर, बंधारे, सगळं वळणदार अक्षरात. नानांचं शिक्षण मॅट्रिकपर्यंत. कागद लावायचा तर त्यात काय आहे ते कळायला हवं, म्हणून त्यांनी जुन्या बाजारातून एक जाडजूड शब्दकोश आणला. त्याला पुठ्ठा नव्हता आणि पहिली काही पानंही नव्हती. शोधायला गेले एका शब्दाचा अर्थ आणि अडकले भलतीकडेच. तो शब्द होता अ‍ॅनिकट. नदीवरच्या बांधाला इंग्रज साहेब अ‍ॅनिकट म्हणतो. नानांना वाटलं, असेल काही विलायतेतलं. शब्दकोश म्हणाला, तमिळ. अणैकट्टु.

"बाई, बघा," ते मला सांगत, "मद्रासकडचा शब्द, साहेबाच्या तोंडात बसून आपल्या गोदावरीच्या फायलीत येऊन पडला. आणि आपण त्याला साहेबाचा समजून सलाम करतोय."

तेव्हापासून त्यांनी शब्दांची नोंद ठेवायला सुरुवात केली. ती ठेवायची त्यांना एकच पद्धत माहीत होती, कार्यालयाची. जुनी, बाद झालेली आवक-जावक नोंदवही घेतली. शब्द आला की आवक क्रमांक, तारीख. मग रकाने : अर्थ, गाव, मार्गे, शेरा. गाव म्हणजे मूळ भाषा. मार्गे म्हणजे वाटेत कुठल्या भाषेत मुक्काम केला. शेऱ्यात शब्दाची गोष्ट. गोष्ट सापडून शेरा लिहिला की शब्द निकाली. नेहमीचे शब्द ते घेत नसत. "ते आपोआप चालतात," म्हणायचे. त्यांना हवे असत आडबाजूचे, कुणी न वापरलेले, बस्त्यातच राहिलेले.

"शब्दाला आधी गाव विचारावं, मग अर्थ," हे त्यांचं वाक्य. एकदा हेच सांगून पुढे म्हणाले, "माणसाला गाव विचारलं, आडनाव विचारलं, की तो बिचकतो. विचारणाऱ्याला काय हवंय ते त्याला माहीत असतं. शब्द बिचकत नाही."

मी हसले होते. त्यात हसण्यासारखं काही नव्हतं, हे बऱ्याच उशिरा लक्षात आलं.

नानांचे वडील कळवणकडे मोटा शिवायचे. विहिरीचं पाणी बैलांनी ओढायची ती चामड्याची मोट. मोटा नसत तेव्हा वहाणा. थोरल्या भावानेही तेच केलं, इंजिनं येईपर्यंत. कार्यालयात ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक होती आणि कुणीच बोलत नव्हतं. आमच्याकडे अशा गोष्टी माहीत असण्याची हीच रीत होती.

लोक नानांकडे कागदासाठी येत आणि शब्द घेऊन जात. पिंपळगाव बसवंतचे एक द्राक्षबागायतदार पाटाच्या पाण्याचा जुना दाखला शोधायला आले होते. नानांनी दाखला काढून दिला, तीन शिंका दिल्या आणि विचारलं, "ग्रेप म्हणजे काय, माहितीये का?"

"द्राक्ष! आता आमालाच इचारता का?"

"द्राक्ष नंतर. आधी घड. आणि त्याच्याही आधी आकडा. घड तोडायचा आकडा असतो ना, त्याचं नाव फळाला पडलं. मार्गे फ्रेंच."

बागायतदार म्हणाले, "लय भारी! म्हंजे आमी आकडा इकतो आन् तुमी आकडा खाता!" पुढे दर हंगामात ते नानांसाठी द्राक्षांची एक करंडी ठेवून जात आणि दारातूनच ओरडत, "नाना, आकडे आणलेत!"

मुंगसाची गोष्ट याहून गाजली. कालव्याच्या भरावात उंदीर-मुंगसांनी बिळं केली होती आणि पाणी झिरपत होतं. त्याचं पत्र वरच्या कार्यालयाला जायचं होतं, इंग्रजीत. साहेबांनी मजकूर सांगितला, शेखभाईंनी टंकला. मुंगूस अनेक, म्हणून साहेबांनी सांगितलं मॉन्गीज. संदर्भाची फाईल द्यायला नाना तिथे उभे होते.

"साहेब, मॉन्गूसेस लिहायला लागंल," नाना म्हणाले.

"का? गूसचं गीज होतं, मग मॉन्गूसचं मॉन्गीज."

"गूस त्यांचा, साहेब. मुंगूस आपला."

साहेबांना काही उमगेना. नानांनी समजावलं की हा शब्द मराठीतून तिकडे गेला. गूस म्हणजे बदकाच्या जातीचा पक्षी, त्याचा आणि मुंगसाचा काही संबंध नाही, म्हणून मुंगसाचं अनेकवचन गूससारखं होत नाही. साहेबांनी शब्दकोश मागवला, पाहिला, मिटला. पत्र नव्याने टंकलं गेलं. शेखभाई दिवसभर खोल्याखोल्यांतून सांगत हिंडले, "आज नाना ने साहब का बदक काट डाला!"

त्यानंतर काही जणांना नाना खुपायला लागले. कनिष्ठ अभियंते तर बोलून दाखवत. "सोनवणे, तुम्ही दफ्तर सांभाळा, इंग्रजी आम्ही सांभाळतो." नाना म्हणायचे, "बरोबर आहे साहेब," आणि शिडी सरकवायचे.

त्या मुंगसापासून नानांनी दुसरी वही सुरू केली. जावक. मराठीतून इंग्रजीत गेलेले शब्द. आवक वही निम्म्याहून जास्त भरली होती. जावकमध्ये मोजके शब्द. मुंगूस. डोंगरी, म्हणजे मुंबईतल्या डोंगरीजवळ विकलं जाणारं जाडंभरडं कापड, त्याचं डंगरी झालं आणि त्याच्या विजारी सगळ्या जगाने घातल्या. आणखी चार-पाच. पण नाना त्या वहीला फार जपत. दुपारच्या सुट्टीत डबा खाऊन, हात धुऊन, पुसून मगच ती उघडत.

मी तोवर मुख्य लिपिक झाले होते. कार्यालयात वाचन मंडळ मीच सुरू केलं होतं. दर दुसऱ्या शनिवारी कुणीतरी अर्धा-पाऊण तास बोलायचं. वक्त्यांची यादी माझ्याकडे असे. नानांनी मला कधी काही मागितलं नव्हतं. एकदा रेकॉर्ड रूमच्या दारात थांबवून म्हणाले, "बाई, तुमच्या यादीत माझं नाव बसतं का?"

"बसतं की! विषय?"

"जावक." मग म्हणाले, "दादाला बोलवावं म्हणतो. थोरल्या भावाला. मी इथं काय करतो ते त्याला कधी कळलंच नाही. त्याला वाटतं, मी कागद झटकतो."

एवढंच हवं होतं त्यांना. पाऊण तास, आणि ऐकायला दादा.

मी तयारी चोख केली. अध्यक्ष ठरवले, खुर्च्या मोजल्या, चहाची वेळ लावली. वक्त्याची ओळख मीच करून देणार होते. ओळखीसाठी नानांकडून आवक वही एक दिवस मागून घेतली. चाळताना एक शब्द नजरेस पडला. अल्ट्राक्रेपिडेरियन. अर्थ : आपल्या कामापलीकडच्या विषयात तोंड घालणारा. गाव : लॅटिन. शेरा : प्रलंबित.

मला तो शब्द फार आवडला. कनिष्ठ अभियंते नानांना जे ऐकवत, तेच त्यांच्या कौतुकात फिरवावं, म्हणजे टोमणे मारणाऱ्यांची तोंडं बंद होतील, असा माझा हिशेब. शेरा प्रलंबित होता. मी समजले, गोष्ट नानांना अजून मिळालेली नाही. कार्यालयात कागद दोन कारणांनी प्रलंबित राहतो. माहिती नसते म्हणून, किंवा माहिती असते म्हणून. नऊ वर्षं मी तेच काम करत होते. मला हे कळायला हवं होतं. नानांना नुसतं विचारलं असतं तरी चाललं असतं. रेकॉर्ड रूम माझ्या टेबलापासून एक जिना खाली होती. मी घरी आरशासमोर उच्चाराचा सराव केला.

शनिवारी नाना पांढरा सदरा आणि कोट घालून आले. कोट कुणाचा तरी होता, बाह्या लांब होत्या. दादा पहिल्या रांगेत टोपी मांडीवर घेऊन बसले. हात जाड, बोटांच्या पेरांवर काळे घट्टे. वहिनींनी डोक्यावरचा पदर एकदाही ढळू दिला नाही.

मी उभी राहिले आणि म्हणाले, "आमचे नाना म्हणजे अस्सल अल्ट्राक्रेपिडेरियन! काम दफ्तराचं, पण तोंड सदा इंग्रजी शब्दकोशात!"

लोक हसले. नानांनी माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. एखादा बस्ता आपण बांधून ठेवला होता तो कुणी सोडला, असं पाहिलं.

अध्यक्ष प्राध्यापक खूश झाले. "वा, बाई! हा शब्द कुठून काढलात? याची गोष्ट माहीत आहे का तुम्हाला?" आणि उत्साहाने त्यांनी गोष्ट सांगितली. ग्रीसमध्ये एक मोठा चित्रकार होता. चित्र रस्त्यावर मांडून स्वतः मागे लपून लोकांचं बोलणं ऐकायचा. एक चांभार आला, म्हणाला, चित्रातल्या वहाणेचा बंद चुकलाय. चित्रकाराने रातोरात तो दुरुस्त केला. दुसऱ्या दिवशी चांभार पुन्हा आला, आपलं ऐकलं हे पाहून फुगला आणि आता पायाच्या पोटरीतही चूक काढू लागला. तेव्हा चित्रकार पुढे येऊन म्हणाला, चांभाराने वहाणेच्या वर जाऊ नये. "क्रेपिडा म्हणजे वहाण. अल्ट्रा म्हणजे पलीकडे. वहाणेच्या पलीकडे जाणारा, तो अल्ट्राक्रेपिडेरियन!"

प्राध्यापकांना नानांबद्दल काही माहीत नव्हतं. त्यांना मी दोष देत नाही. सभागृहात हसू दोनदा आलं. पहिलं गोष्टीला. दुसरं जरा उशिराने, लेखाशाखेच्या रांगेतून, ज्यांना माहीत होतं त्यांचं. कुणीतरी हळूच म्हणालं, "घ्या!"

शेखभाई हसले नाहीत. त्यांनी मान खाली घातली.

दादांना शुद्ध मराठी भाषण धड कळलं नव्हतं, पण चांभार हा शब्द कळला होता. ते नानांकडे वळून अहिराणीत म्हणाले, "काय व्हयनं?"

"काही नही, दादा."

मग नाना उठले. कोटाच्या खिशातून सात पानं काढली, टेबलावर ठेवली, पण उघडली नाहीत.

"अध्यक्षमहाराजांनी सांगितली ती गोष्ट मला माहीत होती," ते म्हणाले. "पाच वर्षं झाली. त्यात एक गोष्ट राहिली. पहिल्या दिवशी त्या माणसाचं बरोबर निघालं होतं. बंद चुकलाच होता. चित्रकाराने दुरुस्त केला. शब्द बनवणाऱ्यांनी ते शब्दात घेतलं नाही. आणि दुसऱ्या दिवसाचं म्हणाल, तर पोटरी खरंच चुकली होती की नव्हती, हे कुणी तपासलं नाही. रेकॉर्डला नाही. म्हणून मी तो शेरा प्रलंबित ठेवला होता."

आणि बसले.

"सोनवणे, भाषण?" साहेबांनी विचारलं.

"झालं, साहेब."

त्या वेळी मी काहीतरी बोलायला हवं होतं. मी माइकपाशीच उभी होते. मी घड्याळ पाहिलं, कार्यक्रम फार लवकर संपतोय हे माझ्या लक्षात आलं आणि मी रामभाऊंना खूण करून चहा लवकर मागवला. चहा सगळ्यांना पुरला. बिस्किटंसुद्धा. दादांनी कप घेतला आणि नानांना विचारलं, "तू बोलाव व्हता ना?" नाना म्हणाले, "बोलनू ना." दोघे भाऊ बाराच्या एसटीने कळवणला गेले. वहिनी जाताना माझ्यापाशी थांबल्या आणि म्हणाल्या, "येतो, बाई." त्यांना मी कोण, काय बोलले, हे काही माहीत नसावं. किंवा असावं.

सात पानं टेबलावर राहिली होती. सोमवारी मी ती घेऊन खाली गेले. नाना शिडीवर होते. खाली उतरले, पानांकडे पाहिलं आणि म्हणाले, "फाईलला लावा, बाई." आवाजात राग नव्हता. त्यामुळे मला वाटलं, प्रकरण मिटलं. मी फाईलला लावून टाकली.

वाचली फार पुढे. सुरुवातीला मुंगूस, मग डोंगरी. शेवटची दोन पानं मोटेवर होती. नानांनी जुन्या इंग्रजी अहवालांत मोट हा शब्द शोधून काढला होता. तिघा वेगवेगळ्या साहेबांनी तीन तऱ्हांनी लिहिलेला, बस्ता आणि पान यांच्या क्रमांकांसह. नानांचं म्हणणं असं : हा शब्द त्यांच्या शब्दकोशात मला सापडला नाही. पण त्यांनी तो लिहिला आहे, त्यावर सही केली आहे. म्हणजे तो पोचला आहे. पोच मिळाली, फक्त नोंद झाली नाही. ती मी आज जावकला घेतो, माझ्या थोरल्या भावासमक्ष, कारण या खोलीत मोट शिवता येणारा तोच एक आहे.

हे वाक्य दादांनी ऐकायचं होतं.

त्यानंतर नानांनी माझ्याशी बोलणं सोडलं असं मुळीच नाही. रोज नमस्कार व्हायचा. कागद मागितला की मिळायचा, पूर्वीइतकाच लवकर. पण कुणी शब्द विचारला तर म्हणत, "शब्दकोशात असेल." बागायतदार द्राक्षं घेऊन आले, "नाना, आकडे!" म्हणाले, तेव्हा नाना हसले, करंडी शिपायांत वाटून टाकली. दुपारी डबा झाल्यावर ते हात धुऊन नुसतेच बसत. एकदा मी आवक वही उघडून पाहिली. शेवटची नोंद ११ जानेवारीची होती.

१९८२ मध्ये ते निवृत्त झाले. निरोप समारंभाची यादी माझीच. शाल, श्रीफळ, हार, चहा, मनोगत. मनोगतावर नानांनी स्वतःच्या हाताने रेघ मारून यादी परत पाठवली. जाताना दोन्ही वह्या त्यांनी पिशवीत घालून नेल्या. सात पानं माझ्या फाईलमध्येच राहिली.

शेवटचे दिसले ते १९८४ मध्ये, सीबीएसवर, एसटीच्या स्थानकात. मी गंगापूर रोडला घरी निघाले होते, हातात भाजीच्या पिशव्या. कळवणच्या गाडीच्या रांगेत नाना. पंचा तसाच, चष्म्याला मात्र नवी काडी. गर्दीत एका कॉलेजच्या मुलीचा पाय त्यांच्या पायावर पडला. ती "सॉरी, सॉरी" म्हणत पुढे गेली.

नाना पाय चोळत माझ्याकडे पाहून हसले. चार वर्षांत पहिल्यांदा आपणहून एक शब्द काढला. "बाई, लोकांना वाटतं सॉरी हा शब्द सॉरोवरून आला. दुःखावरून. तसं नाही. तो आला सोरवरून. सोर म्हणजे दुखरी जागा. म्हणणाऱ्याला खरं तर स्वतःची दुखरी जागा दाखवायची असते."

मला समजलं होतं की ते मला जागा करून देत आहेत. त्या गर्दीत, त्या रांगेत, दोन मिनिटं. मी म्हणाले, "हो का? हे माहीत नव्हतं." आणि विचारलं, "पेन्शनचे कागद वेळेवर येतात ना, नाना?"

"येतात," ते म्हणाले. "तुम्ही सगळं नीट करून दिलं होतं."

गाडी लागली. ते चढले, खिडकीशी जागा मिळाली. काच खाली ओढून म्हणाले, "या एकदा कळवणला. दादा अजून आहे." गाडी वळून बाहेर पडेपर्यंत मी उभी होते. पिशव्यांनी बोटं कापत होती.

त्याला आता चार वर्षं झाली. दरम्यान मी घराला रंग दिला, मुलीचं लग्न केलं, दोन यात्रा केल्या, सगळं यादीप्रमाणे. नानांना पत्र तीनदा लिहायला घेतलं. दर वेळी ते संदर्भ क्रमांक घालावा असं झालं आणि मी फाडलं. हे तोंडानेच सांगायला हवं, आणि दादांसमोर. गाडी दर तासाला आहे, सहालाही आहे. तिकिटाच्या खिडकीवर नुसतं कळवण म्हणायचं. मी अजून म्हटलेलं नाही.